आटपाट जत्रा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आटपाट जत्रा म्हणजे गोष्टी सांगत-ऐकत रात्र काढायची जत्रा. साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी आटोपायची जुनी सोय आम्हाला जमलेली नाही. लोक बाल्कांवावर, म्हणजे घरापुढच्या ओट्यावर, येऊन बसतात, चहा पितात आणि तेच प्रश्न पुन्हा विचारतात. म्हणून एकदाचं लिहून ठेवतो. क्रम लावलेला नाही, जसे विचारले गेले तसे ठेवलेत.

जत्रा कुठे भरते?

गोव्यात, मांडवी नदीत. चोडण, दिवाडी, जुवें, वांशी ही तिथली बेटं नकाशावर सापडतात. आटपाट सापडत नाही. भरतीला ते चोडणच्या खारफुटीमागे असतं आणि ओहोटीला दिवाडीकडे सरकतं, असं आम्ही ठरवून टाकलंय. रायबंदरच्या धक्क्यावर उभं राहून "आटपाटची फेरी कितीला?" असं विचारू नका. तिथली माणसं कामात असतात.

म्हणजे ही जत्रा खरी नाही?

नाही. बेट कल्पित, जत्रा कल्पित, फेरीबोटही कल्पित. खरं आहे ते उसनं आणलेलं सामान: जागोराचं सोंग, काळ्यातला संकासूर, राखणदाराची वाट, घुमट नावाचं मातीचं वाद्य, खाजें नावाची मिठाई. ही उसनवारी गावोगावहून केली आहे आणि परत करायचा विचार नाही. काहींना हे वाचून राग येतो. खोट्या जत्रेला एवढी नियमावली कशाला, म्हणतात. लहानपणी भातुकली खेळलेल्या माणसाने हे विचारू नये. लुटुपुटीच्या संसाराचे नियम खऱ्या संसाराहून कडक असतात.

कल्पना सुचली कशी?

एका घंटेवरून. आमच्यातल्या एकीला कुठल्याशा कथाकथन स्पर्धेत पाच मिनिटं मिळाली होती. तिने आजीकडून ऐकलेली गोष्ट घेतली, सुनेला विहिरीतून हाक येते ती. सून विहिरीच्या काठाशी पोचली आणि टेबलावरची घंटा वाजली. मग आभार, मग पुढचा स्पर्धक. सून अजून काठावरच उभी आहे, असं ती म्हणायची.

त्याच उन्हाळ्यात एका रात्री वीज गेली. आम्ही चौघं बाल्कांवावर बसलो होतो. तिने ती गोष्ट पुन्हा सुरू केली आणि शेवटपर्यंत नेली. सव्वा तास लागला. डास फोडून खात होते, पण कोणी उठलं नाही. वीज आली तेव्हा सगळ्यांच्या तोंडून एकदम "आत्ताच कशाला?" असं निघालं. पहिला नियम त्या रात्रीचा: आटपाटात सांगणाऱ्याला थांबवायचं नाही. बाकीचे नियम त्याच्याच पोटातून निघालेत.

कधी असते?

पौष वद्य पंचमीच्या रात्री. आदल्या दिवशी ठेवली असती, पण ती संकष्टी. निम्मे श्रोते उपाशी आणि सगळ्यांच्या माना आभाळाकडे. पंचमीला चंद्र साधारण दहाच्या पुढे उगवतो, त्यामुळे पहिल्या दोन-तीन गोष्टी मिट्ट काळोखात सांगता येतात. शिवाय पौषात लग्नं नसतात, माणसं मोकळी असतात. त्याच रात्री तुमच्या गावची खरी जत्रा आली, तर तिकडे जा. देवळापुढचं नाटक चुकवू नये, मग त्यातला नायक तुमचा मेहुणा असला तरी.

तिकीट आहे का?

फेरीत चढताना तांडेल एक उमाणं, म्हणजे कोडं, घालतो, त्याचं उत्तर द्यायचं. पहिल्या वर्षीचं सांगून टाकतो, ते आता जुनं झालं: "एकच ओठ, तोही लोखंडाचा. तो जमिनीला टेकला की पोटातली माणसं बाहेर." जिच्यात उभे होते तीच फेरीबोट निम्म्यांना ओळखता आली नाही. उत्तर आलं नाही तरी फेरी चुकत नाही, फक्त उभ्याने यावं लागतं. तसे फेरीत सगळेच उभे असतात.

मांडावरची पहिली चटई रिकामी का ठेवता?

मांड म्हणजे आमची गोष्टींची जागा. तिथली पहिली चटई राखणदाराची. गोव्यातल्या गावांना राखणदार असतो, कुठे त्याला देवचार म्हणतात. रात्री तो गावाच्या हद्दीवरून फिरतो, काठी आपटल्याचा आवाज येतो, वाट चुकलेल्याला घरच्या दारापर्यंत आणून सोडतो. हे ज्यांनी ज्यांनी आम्हाला सांगितलं त्यांच्यापैकी एकानेही "मी पाहिलं" असं म्हटलं नाही. नेहमी मामाने पाहिलेलं असतं. वेताळाला चामड्याच्या वहाणा वाहतात त्याही अशाच समजुतीने, की गावाभोवती फिरून त्याच्या झिजतात.

आम्हीही चटईपुढे वहाणांचा जोड ठेवतो. सकाळी तो थोडा झिजलेला दिसावा म्हणून आमच्यातला एकजण रात्री तो पायात घालून बांधावरून चक्कर मारून येतो. हे लिहायला नको होतं.

सोंग घ्यावंच लागतं का?

सांगणाऱ्याने घ्यायचं, ऐकणाऱ्याने हवं तर. भाड्याचा पोशाख, जरीचा मुकुट असं काही नको. करवंटीचा मुखवटा, माडाच्या झावळीची टोपी, गालाला कोळसा एवढं पुरे. थर्माकोल आणलात तर फेरीतच उतरवून ठेवावा लागेल.

या प्रश्नावर जरा रेंगाळतो. "सोंग करतोय" म्हटलं की मराठीत ती शिवीच होते. मांडावर त्या शब्दाला वेगळं वजन आहे. जागोर म्हणजे जागर. गावडा समाजाच्या जागोरात रात्रभर एकामागून एक सोंगं येतात आणि त्यांच्या तोंडून गावातल्या मोठ्यांची उणीदुणी निघतात. पेरणी समाजाच्या जागोरात लाकडी मुखवटे असतात. दशावतारी काळ्यात, म्हणजे जत्रेतल्या नाटकात, संकासूर वेद चोरून येतो आणि समोर बसलेल्या लोकांशीच वाद घालतो. एरवी जे बोललं तर मारामारी होईल, त्यावर लोक पोट धरून हसतात, कारण बोलणारा संकासूर असतो.

काळ्याला लिहिलेली संहिताही नसते. आज कुठलं आख्यान लावायचं ते ठरतं, कोण कधी येणार ते ठरतं, आणि संवाद नट उभ्या उभ्या रचतो. हे स्वातंत्र्य त्याला कोणी बहाल केलेलं नाही, ते त्याने कसबाने मिळवलेलं असतं. ज्याला पुराण तोंडपाठ आहे तोच त्याच्या बाहेर चार पावलं टाकून वेळेवर परत येतो.

चेहरा झाकला की माणूस खरं बोलतो असं म्हणतात, ते आम्हाला अर्धवट वाटतं. गावात मुखवट्याआडचा माणूस सगळ्यांना ओळखू येतोच. चालण्यावरून कळतो, खोकल्यावरून कळतो. ऐकणाऱ्यांनी आज रात्री ओळख दाखवायची नाही असं कबूल केलेलं असतं, सोंग एवढ्यासाठीच. मोकळीक सांगणाऱ्याच्या तोंडात नसते, ऐकणाऱ्यांच्या कबुलीत असते. ती कबुली नसेल तर मुखवटा चांदीचा असला तरी उपयोग नाही.

देवादिकांच्या गोष्टी बदललेल्या चालतात का?

गोव्यातले देव स्वतःच मुक्काम हलवून आलेले. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी देवळं पाडायला घेतली तेव्हा कुठ्ठाळीचा मंगेश नदी ओलांडून प्रियोळला आला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला आली, दिवाडीचा सप्तकोटेश्वर नार्व्याला आला आणि तिथलं देऊळ १६६८ साली शिवाजी महाराजांनी उभारून घेतलं. या प्रवासाच्या कहाण्या घरोघरी वेगळ्या ऐकू येतात. होडी कोणाची होती, रात्र कुठली होती, कोणाच्या स्वप्नात दृष्टान्त झाला, यावर दोन म्हाताऱ्यांचं एकमत होत नाही. म्हणून कोणी तीर्थ घ्यायचं थांबलं नाही. सत्तरी तालुक्यातल्या रणमाले या लोकनाट्यातही रामायण येतं ते गावाच्या बोलीतून, गावाच्या गाण्यांतून.

तेव्हा सीतेने परत यायला नकार दिला अशी गोष्ट तुम्हाला सांगायची असेल, तर खुशाल सांगा. मात्र मूळ गोष्ट तुम्हाला येत असली पाहिजे आणि कोणी मागितली तर तीही तितक्याच प्रेमाने सांगता आली पाहिजे.

एखाद्याचं मन दुखावलं तर?

तो उठून जाऊ शकतो, त्याला कोणी नावं ठेवत नाही. किंवा थांबून, आपली पाळी आल्यावर, दुसरी गोष्ट सांगून उत्तर देऊ शकतो. तिसरी वाट नाही. ठराव नाहीत, माफीनामे नाहीत. विहिरीतल्या हाकेच्या गोष्टीला एका सासूने असंच उत्तर दिलं होतं: विहीर हाक मारत होती ती सासूलाच, सून मधे आली. तसं उत्तर सगळ्यांना जमायचं नाही, हे मान्य.

कोणी जिवंत माणसाचं नाव घेऊन चिखल उडवला, किंवा कोणाच्या जातीवरून हशा मिळवला, तर? थांबवत तर नाही. पुढच्या वर्षी त्याची पाळी पहाटे चारला लावतो, सगळे घोरत असताना. एवढी शिक्षा पुरे का, यावर आमच्यात दोन तट आहेत आणि ते एकमेकांना चहा देत नाहीत.

गोष्ट आधी लिहून पाठवायची का?

नाही, आणि आमच्याकडे असं कधी कोणी मागितलंच तर तो आमचा माणूस नव्हे. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या राजवटीत गोव्यात काहीही छापायचं तर आधी सरकारला दाखवून मंजुरी घ्यावी लागे, लग्नपत्रिकेलासुद्धा. तो काळ पाहिलेली माणसं वाड्यावाड्यावर अजून आहेत. मुहूर्त सरकारी शिक्क्यानिशी छापून आलेल्या पिढीच्या नातवंडांनी "मजकूर आधी पाठवा" म्हणणं बरं दिसत नाही.

कुठल्या भाषेत सांगायचं?

तोंडात येईल त्या. गोव्यात हा प्रश्न कधीच साधा नसतो. गोवा महाराष्ट्रात जावा का यावरचा १६ जानेवारी १९६७ चा जनमत कौल आणि कोकणीला राजभाषा करणारा १९८७ चा कायदा यांवरून जेवणाच्या पानावर अजून वाद होतात, आमटी गार होते. आमच्याच घरात आये पोथी मराठीत वाचते, रागावते कोकणीत, आणि भाऊ मोबाइलवर तिसरंच काही बोलतो. एकाच गोष्टीत राजा मराठी बोलला, त्याचा पोदेर, म्हणजे पाववाला, कोकणी बोलला, तर आमच्या कानाला खटकत नाही. राजांचं माहीत नाही, पण पोदेर तसाच बोलतो.

शुद्धतेची काळजी करणाऱ्यांना एक आठवण देतो. इंग्लंडहून आलेला जेजुइट पाद्री थॉमस स्टीफन्स, त्याने आपलं ख्रिस्तपुराण रचलं ते मराठी ओव्यांत, सुमारे अकरा हजार. १६१६ साली गोव्यातल्या राशोलला ते छापलं गेलं, तेही रोमी लिपीत. येशूची कथा, लिपी परकी, छंद आपल्या पोथ्यांचा. आज कोणी असा बेत घेऊन आला तर तिन्ही बाजूंनी त्याला फटके पडतील. त्या पहिल्या छापील प्रती आता मिळत नाहीत. पुराण टिकलं ते लोकांनी हाताने उतरवून घेतलेल्या प्रतींवर.

माईक का नाही?

कायद्याने रात्री दहा ते सकाळी सहा उघड्यावर ध्वनिक्षेपक वाजवता येत नाही. ध्वनिप्रदूषणाचे हे नियम २००० सालचे आहेत आणि पुढे त्यात वाद्यंही आली. आमचं बेट कल्पित असलं तरी पलीकडच्या काठावर झोपलेली माणसं कल्पित नाहीत. दिवाळीतल्या नरकासुराच्या रात्री त्यांनी पुरेसं सोसलेलं असतं. म्हणून घुमट आणि त्याच्या साथीचं शामेळ दहाला थांबतं, आणि साधारण तेव्हाच खारफुटीवर चंद्र येतो. आम्ही हे जुळवून आणलं असं लोकांना वाटतं. आम्ही नाही म्हणत नाही.

माईक नसल्याचा दुसरा फायदा असा, की मागच्या रांगेतल्याला ऐकू येईना झालं की तो पुढे सरकतो. पहाटेपर्यंत सगळी जत्रा एका समईभोवती गोळा झालेली असते.

घुमट घोरपडीच्या चामड्याचं आहे का?

नाही. तिची शिकार कायद्याने बंद आहे. आमचं बकऱ्याच्या चामड्याचं. घुमटाला २०१९ मध्ये राज्याच्या वारसा वाद्याचा मान मिळाला. बकऱ्याच्या चामड्यावर नाद थोडा वेगळा लागतो असं जुने वाजवणारे म्हणतात, आणि लगेच दोन तास वाजवतात.

मोबाइलवर रेकॉर्डिंग करता येईल का?

नको. रेकॉर्ड झालेल्या गोष्टीची पुढच्या वर्षी पंचाईत होते. सांगणारा नवं वळण घ्यायला जातो आणि कोणीतरी खिशातून पुरावा काढतो: "पण गेल्या खेपेला तर वाघ मेला होता." वाघाला दर वर्षी जगायची संधी मिळायला हवी.

माझी गोष्ट दुसऱ्याने सांगितली तर?

तर तुमची गोष्ट चांगली होती. आमच्याकडे रीत एवढीच, की कोणाकडून ऐकली त्याचं नाव सुरुवातीला घ्यायचं. छापायची असेल तर भानगड निराळी. लेखनाचा हक्क लेखकाच्या हयातीत आणि त्याच्या मागे ६० वर्षं राहतो, पण कायदा शब्द राखतो, नुसती कल्पना राखत नाही. विहिरीतून येणाऱ्या हाकेवर कोणाचाच हक्क नाही. ती सून कशी वळून पाहते, ते तुम्ही लिहिलेलं वाक्य मात्र तुमचं.

यंत्राकडून लिहवून घेतलेली गोष्ट चालेल?

कागद पाहून इथे कोणीच सांगत नाही, त्यामुळे तुम्हाला ती आधी तोंडपाठ करावी लागेल. ती खटपट केलीत तर चालेल, फक्त कुठून आणली ते सांगा. अडचण पुढेच येते. रात्री दोनला एखादं पोर विचारतं, "मग त्या म्हाताऱ्याच्या कुत्र्याचं काय झालं?" त्याचं उत्तर तुमच्याकडे असावं लागतं, आणि लगेच.

लहान मुलांना आणू का?

आणा. भुतांच्या गोष्टी मध्यरात्रीनंतर ठेवल्या होत्या, पण मुलं नेमकी तेव्हाच जागी असतात आणि आईबाप झोपलेले. आता वेळ पाळत नाही.

मगरींचं काय?

कुंभारजुव्याच्या कालव्यात मगरी खऱ्या आहेत, हे खोटं कशाला सांगू. खाजनशेतीच्या, म्हणजे खाडीलगत बांध घालून केलेल्या शेतीच्या, काही गावांत पौष अमावास्येला चिखलाची मगर करून तिची पूजा होते, तिला मानगें थापणी म्हणतात. बांध राखला जावा, शेतात खारं पाणी शिरू नये, ही त्यामागची मागणी. आमच्या बांधावरही चिखलाची एक मगर असते. अंधारात ती कुठली आणि दुसरी कुठली हे कळत नाही, म्हणून दोघींना नमस्कार करा आणि लवकर पुढे व्हा.

खाण्यापिण्याची सोय?

भजी, चणे, पातळ भाजी आणि उंडे (गोल पाव), चहा. खाजें भरपूर, आल्याचा ठसका लागेल असं. मात्र गोष्ट चालू असताना कुरकुर आवाज करून खाजें चावणाऱ्याकडे सगळी जत्रा वळून बघते. फेणीबद्दल: सांगणाऱ्याने घ्यायची नाही, ऐकणाऱ्याची त्याला अक्कल. हुर्राक, म्हणजे काजूच्या रसाची पहिल्या धारेची दारू, मागू नका, पौषात काजू अजून मोहरावर असतो.

बक्षिसं असतात का?

नाही.

मला गोष्ट सांगता येत नाही. येऊ का?

तुमच्यासारखेच जास्त लागतात. ऐकणाऱ्याचं काम हुंकार देणं. तो नीट दिला नाही तर सांगणारा कोरडा पडतो. आमच्याकडे एक शेजारी आहेत, सगळ्या वर्षांत त्यांनी एकही गोष्ट सांगितलेली नाही. त्यांच्या "हां, मग?" साठी लोक आपली पाळी ते जागे असण्याच्या वेळेला मागून घेतात.

आमच्या वाड्यावर अशी रात्र भरवायची आहे. परवानगी कोणाची?

आमची नको. नाव हवं तर घ्या, नको तर बदला. जागा सारवलेली असावी, समई एकच असावी, पहिली चटई रिकामी असावी. खर्च तेलाचा आणि चहाचा. पाहुणे, हारतुरे, प्रास्ताविक यांत शिरलात की संपलं. एका ठिकाणी दीपप्रज्वलनालाच चाळीस मिनिटं गेली आणि पहिल्या गोष्टीला श्रोत्यांपेक्षा खुर्च्या जास्त उरल्या. आणि घड्याळ असलेल्या माणसाला समईच्या उजेडात बसवू नका. तो नकळत मनगट बघतो, आणि सांगणाऱ्याला ते दिसतं.

परतीची फेरी कितीला?

पोदेर येतो तेव्हा. पहाटेची पहिली फेरी पाव घेऊन बेटावर येते आणि तीच तुम्हाला घेऊन जाते. सायकल उतरेपर्यंत कोणी चढायचं नाही, त्याचे पाव गरम असतात. सुटे पैसे जवळ ठेवा.